अर्धा ग्रॅम डोळ्यात मावतो कुठे?

पावसाळ्यात डोळे येण्याची साथ आली की एक फॉरवर्ड हमखास फिरू लागतो. मजकूर थोडक्यात असा: डोळ्याचं मलम एका वेळी अर्धा ग्रॅम लागतं, म्हणजे 5 ग्रॅमची ट्यूब दहाच वेळा पुरते, दिवसातून तीनदा लावायचं तर चौथ्या दिवशी ती संपणार, म्हणून सात दिवसांसाठी तीन ट्यूबा आधीच घेऊन ठेवा. जास्त लावलं तर लवकर बरं होतं. उरलेलं फेकू नका, एक्सपायरीपर्यंत चालतं.

मी मेडिकलच्या काउंटरमागे उभा राहणारा माणूस. मागच्या पावसाळ्यात एक मावशी हाच मेसेज मोबाइलवर उघडून तीन ट्यूबा मागत होत्या. चिठ्ठीवर एकच होती. मी एकच काढून ठेवली तर त्यांना वाटलं, माल असून देत नाही. तेव्हा हिशेब मांडूनच दाखवतो.

"एका वेळी अर्धा ग्रॅम." हा आकडा खोटा नाही, पण तो कातडीचा आहे. खरूज, नायटा, इसब यांची मलमं किती लावायची हे सांगायला डॉक्टर बोटाचं माप वापरतात. 5 मिलिमीटर तोंडाच्या ट्यूबमधून तर्जनीच्या टोकापासून पहिल्या पेरापर्यंत, म्हणजे सुमारे अडीच सेंटिमीटर, मलम काढलं की ते अर्ध्या ग्रॅमच्या आसपास भरतं. कुणीतरी ते माप उचलून थेट डोळ्याला लावलंय.

डोळ्याच्या ट्यूबचं तोंड बघा. शेवयांच्या साच्याच्या भोकासारखं बारीक असतं. ते अडीच मिलिमीटर धरू. तोंडाची रुंदी निम्मी झाली की बाहेर पडणाऱ्या मलमाचा छेद निम्मा होत नाही, पावपट होतो. वर डोळ्यासाठी सांगतात एक सेंटिमीटरची रेघ, अडीच सेंटिमीटरची नाही. पावपटीचे दोन पंचमांश म्हणजे एक दशांश. अर्ध्या ग्रॅमचा दहावा भाग, 0.05 ग्रॅम. तोंड याहून बारीक असेल तर आणखी कमी. विश्वास बसत नसेल तर मुदत संपलेली ट्यूब घ्या, पट्टीशेजारी ताटलीत सेंटिमीटरच्या दहा रेघा काढा आणि सोनाराच्या काट्यावर ठेवा.

"ट्यूब दहाच वेळा." वरचं गणित पटलं तर शंभर वेळा. प्रत्यक्षात थोडं टोपणाला लागतं, थोडं ट्यूबच्या घडीत अडकतं, हात थरथरला की रेघ लांबते. म्हणून मी 80 धरतो. एका डोळ्याला दिवसातून तीनदा लावलं तर सव्वीस दिवस, दोन्ही डोळ्यांना तर तेरा. नागिणीच्या जातीच्या विषाणूने बुबुळाला जखम होते तेव्हा असायक्लोविरचं मलम दिवसातून पाच वेळा लावायला सांगतात. तरी एका डोळ्याला ट्यूब पंधरवडा पुरते. 3 ग्रॅमची ट्यूब असेल तर याच प्रमाणात कमी करा. (आणि असायक्लोविरचं त्वचेचं क्रीम 5 टक्क्यांचं असतं, डोळ्याचं मलम 3 टक्क्यांचं. "नाव तेच आहे की" म्हणून क्रीम डोळ्यात घालू नका.)

"जास्त लावलं तर लवकर बरं." खालची पापणी ओढल्यावर जी खोबण दिसते तिच्यात थेंबभर औषधही पूर्ण मावत नाही. अर्धा ग्रॅम घातलं तर गाल माखेल, उशीचा अभ्रा माखेल आणि तासभर सगळं धूसर दिसेल. औषध पोचवायचं तर सांगितलेल्या वेळा पाळाव्या लागतात. एकदा भरपूर लावून दोन वेळा बुडवल्या तर त्याची भरपाई होत नाही. थेंबही दिले असतील तर आधी थेंब, पाचेक मिनिटांनी मलम; उलट केलं तर मलमाच्या तुपकट थरावरून थेंब ओघळून जातात.

"एक्सपायरीपर्यंत चालतं." हा भाग सगळ्यात घातक. ट्यूबवर छापलेली तारीख सीलबंद ट्यूबची. सील फोडलं की डोळ्याचं औषध साधारण महिनाभरच वापरायचं, कारण तोंड दर वेळी पापणीजवळ जातं आणि आतलं मलम निर्जंतुक राहील याची खात्री उरत नाही. म्हणजे एका डोळ्याला रात्री एकदाच लावणाऱ्याची ट्यूब निम्मीही संपत नाही आणि टाकावी लागते. जीवावर येतं, मान्य आहे. पण त्या उरलेल्या मलमात स्टेरॉइड असेल आणि पुढच्या वेळी डोळा लाल झाल्यावर कुणी न विचारता ते लावलं, तर विषाणूची जखम चिघळू शकते. बरेच दिवस लावत राहिलं तर डोळ्यातला दाब वाढून काचबिंदूही होऊ शकतो.

मावशींनी शेवटी एकच ट्यूब नेली. खोका घरी गेल्या गेल्या कचऱ्यात जातो, म्हणून ट्यूबवरच चिकटपट्टी लावून तिच्यावर उघडल्याची तारीख लिहायला सांगितलं होतं. पंधरा दिवसांनी त्या पुन्हा आल्या. दोन्ही डोळ्यांना आठवडाभर लावूनही ट्यूब जवळपास अर्धी भरलेली. "नातवाचे डोळे आलेत, ह्यातलंच लावू का?"

त्याला डॉक्टरांना दाखवा, म्हटलं, आणि मलम दिलंच तर त्याची ट्यूब वेगळी.