राठोडांच्या चालीरीतींवर का लिहिलं: एका वाचकांना उत्तर

नमस्कार. तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली. तुमचं म्हणणं असं, की मारवाडच्या, म्हणजे जोधपूर राज्याच्या, राठोडांवर लिहायला बसलात आणि लग्नातला ‘त्याग’ (चारण-भाटांना द्यायचं दान), राण्यांची नावं, सती जाणाऱ्या बायकांच्या हातांचे ठसे यांतच निम्मा लेख घालवलात. दुर्गादासासारख्या वीराला मात्र दोन ओळी. चालीरीती म्हणजे इतिहास नव्हे, उलट त्यातून एका शूर कुळाची बदनामी होते.

दुर्गादासाबद्दल तुमचं बरोबर आहे, त्याकडे शेवटी येतो. बाकीचं मला मान्य नाही.

राठोडांचा पराक्रम आपल्यापर्यंत पोचला कुणामुळे? मुख्यतः चारणांमुळे, म्हणजे राजपुतांचे पराक्रम गाणाऱ्या कवींमुळे. महाराजा जसवंतसिंहांचा दिवाण मुहणोत नैणसी याने सतराव्या शतकात ख्यात, म्हणजे राजस्थानी बखर, लिहिली, तेव्हा कितीतरी हकिकती चारणांच्या तोंडून घेतल्या आणि कुणी सांगितलं तेही ठिकठिकाणी नोंदवलं. या चारणांचा निर्वाह चाले तो इनाम गावांवर आणि लग्नातल्या त्यागावर. लग्न म्हटलं की चारण, भाट, ढोली दारात हजर. मागतील ते द्यायचं, हात आखडला तर कवितेत नाचक्की. या खर्चाच्या धास्तीने मुली जन्मताच मारल्या जातात, ही तक्रार माझी नाही, त्या काळातलीच आहे. म्हणून तर जोधपूर राज्याने १८४१ मध्ये त्यागाला मर्यादा घातली. पुढे कर्नल वॉल्टर या इंग्रज अधिकाऱ्याच्या पुढाकाराने निघालेल्या राजपूत हितकारिणी सभेने लग्नखर्चाला आळा घातला, मुलाचं लग्नाचं वय १८ आणि मुलीचं १४ ठरवलं. आता सांगा, वीरगाथा ठेवायची आणि त्याग गाळायचा, हे जमेल कसं? दोन्ही एकाच दारात उभे आहेत.

राण्यांचंही तेच. राठोडांत राठोडाशी सोयरीक होत नाही, मुलगी दुसऱ्या कुळातूनच यायची आणि सासरी ती आपल्या माहेरच्या कुळानेच ओळखली जायची: भटियाणी, हाडी, कछवाही. आपल्याकडे लग्नानंतर आडनाव बदलतं, म्हणून मला हे फार महत्त्वाचं वाटलं. पण अनेकींचं स्वतःचं नाव त्यात हरवलं. मारवाडचा राजा राव मालदेव याच्या उमादे भटियाणी या राणीचं नाव सगळ्यांना ठाऊक आहे, कारण ती नवऱ्यावर रुसली आणि जन्मभर रुसूनच राहिली. ‘रूठी राणी’ म्हणूनच ती लोकांच्या लक्षात आहे.

जोधपूरच्या मेहरानगड किल्ल्याच्या लोहापोळ या दरवाजापाशी मी बराच वेळ उभा होतो. सती गेलेल्या बायकांच्या हातांचे भिंतीवरचे ठसे इतके लहान, की माझा तळहात शेजारी धरवेना. १८४३ मध्ये जोधपूरचे महाराजा मानसिंह वारले तेव्हाही त्यांच्या राण्या सती गेल्या. ते हात पाहून आल्यावर फक्त लढायांवर लिहिणं मला शक्य नव्हतं. त्यात कुणाची बदनामी नाही. त्या बायकाही याच कुळाच्या होत्या.

आता दुर्गादास. चूक माझीच. औरंगजेबाचा बंडखोर मुलगा अकबर याला घेऊन तो १६८१ मध्ये संभाजी महाराजांच्या आश्रयाला आला, १६८७ मध्ये मारवाडात परतला, हे मराठी लेखात सविस्तर यायलाच हवं होतं. जसवंतसिंहांचा मुलगा अजितसिंह, ज्याच्यासाठी त्याने उभं आयुष्य वेचलं, त्याच्याच राज्यातून म्हातारपणी त्याला बाहेर पडावं लागलं. १७१८ मध्ये तो उज्जैनला वारला. त्याची छत्री, म्हणजे स्मारक, क्षिप्रेच्या काठी आहे, जोधपुरात नाही. पुढचा लेख तिथूनच सुरू करतो.