खुलासा: नॉर्मा आलेआंद्रो यांना ऑस्कर मिळालेले नाही

अर्जेंटिनाच्या ज्येष्ठ अभिनेत्री नॉर्मा आलेआंद्रो यांना 'ला इस्तोरिया ओफिसियाल' या चित्रपटासाठी ऑस्कर मिळाले, असा मजकूर सध्या फिरतो आहे. तो चुकीचा आहे. 1986 मधले ते ऑस्कर चित्रपटाला मिळाले, परभाषिक चित्रपटांच्या विभागात. ते स्वीकारले दिग्दर्शक लुईस पुएन्सो यांनी. विजेत्याचे नाव जाहीर करायला मंचावर आलेआंद्रोच होत्या, घोळ बहुधा तिथूनच झाला असावा.

या चित्रपटातल्या भूमिकेसाठी आलेआंद्रो यांना 1985 मध्ये कान महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला, अमेरिकी गायिका-अभिनेत्री शेर यांच्यासोबत विभागून. ऑस्करचे वैयक्तिक नामांकन नंतरचे: 'गॅबी' (1987), सहायक अभिनेत्री. ते ऑस्कर ऑलिम्पिया ड्युकाकिस यांना गेले. लष्करी राजवटीमुळे देश सोडावा लागलेल्या या अभिनेत्रीचे कर्तृत्व आहे तसेच मोठे आहे. कृपया मजकूर दुरुस्त करूनच पुढे पाठवा.