बदली कायद्याचं अर्धं नाव आपण विसरलोय

आपण कर्मचारी ज्याला ‘बदली कायदा’ म्हणतो, त्यालाच बाहेर लोक ‘दप्तर दिरंगाई कायदा’ म्हणतात. कायदा एकच. पूर्ण नाव: महाराष्ट्र शासकीय कर्मचाऱ्यांच्या बदल्यांचे विनियमन आणि शासकीय कर्तव्ये पार पाडताना होणाऱ्या विलंबास प्रतिबंध अधिनियम, 2005. अण्णा हजारेंनी तो लावून धरला आणि 1 जुलै 2006 पासून तो अंमलात आला. नावातला पहिला अर्धा भाग आपल्याला तोंडपाठ आहे. दुसरा भाग फक्त सामान्य नागरिकांसाठी आहे असं मीही कित्येक वर्षं समजत होते.

गेल्या वर्षी माझा विनंती बदलीचा अर्ज होता. नवरा दुसऱ्या जिल्ह्यात नोकरीला, सासूबाई अंथरुणाला खिळलेल्या. माझा पदावधी, म्हणजे एका पदावर राहण्याचा ठरलेला काळ, पूर्ण झालेला. 3 फेब्रुवारीला अर्ज दिला, आवक शिक्का मारून पोच घेतली. जूनमध्ये उत्तर आलं: ‘सर्वसाधारण बदल्यांचा कालावधी संपुष्टात आल्याने विनंती मान्य करता येत नाही.’ एवढंच.

माहिती अधिकारात नस्तीची, म्हणजे माझ्या अर्जाच्या फाइलची, प्रत मागवली. टिपणीच्या पानावर समासात पेन्सिलीने ‘चर्चा करावी’ लिहिलेलं, 12 फेब्रुवारीचं. त्याखालची पुढची सही 27 एप्रिलची. मधले 74 दिवस ती नस्ती एकाच टेबलावर होती. चर्चा कुणी कुणाशी केली, त्याचा एका ओळीचाही उल्लेख नाही. सक्षम प्राधिकाऱ्यापुढे, म्हणजे निर्णयाचा अधिकार असलेल्या अधिकाऱ्यापुढे, ती 9 जूनला पोचली, म्हणजे मे संपून बदल्यांचा कालावधी उलटल्यावर. माझी विनंती योग्य की अयोग्य, हे कुणी तपासलंच नाही. मुदत गेली, आणि ती माझ्यामुळे गेली नव्हती.

हव्या त्या ठिकाणी बदली मिळणं हा कुणाचाच हक्क नाही, हे मला मान्य आहे. बदली हा नोकरीचाच भाग आहे असं सर्वोच्च न्यायालयाने वारंवार सांगितलंय. माझा अर्ज नामंजूर झाला असता तर वाईट वाटलं असतं, पण मी गप्प बसले असते. माझं म्हणणं इतकंच की अर्जावर वेळेत निर्णय होणं हा माझा हक्क आहे, आणि तो याच कायद्याच्या कलम 10 मध्ये आहे. कोणतीही नस्ती एका कर्मचाऱ्याकडे 7 कामकाजाच्या दिवसांपेक्षा जास्त प्रलंबित राहू नये. तातडीची असेल तर 4 दिवस. दुसऱ्या विभागाकडे पाठवायची गरज नसेल तर 45 दिवसांत निर्णय. मुद्दाम दिरंगाई केली तर शिस्तभंगाची कारवाई. सातबाऱ्याच्या अर्जाला जे लागू, तेच आपल्या आस्थापना शाखेतल्या अर्जालाही लागू. आपण मात्र ‘साहेब बघतील’ म्हणत वाट बघतो. टेबलावरचा माणूस आपलाच सहकारी असतो, त्याच्याशी वाकडं कशाला, हेही मनात असतंच. माझ्याही होतं.

दुसरी मुदत याहून घातक आहे, कारण ती आपण स्वतः घालवतो. एका सहकारी ताईंची बदली पदावधी पूर्ण होण्याआधी, भर ऑक्टोबरमध्ये झाली. कायद्याने अशा बदलीला लेखी कारणं आणि वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता लागते. त्यांच्या आदेशात ‘प्रशासकीय कारणास्तव’ एवढे दोनच शब्द. केस चांगली होती. त्यांनी लगेच निवेदन दिलं, मग स्मरणपत्र, मग दुसरं, मग तिसरं. दोन वर्षांनी वकिलांकडे गेल्या तेव्हा कळलं की मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) जायची मुदत केव्हाच टळली. प्रशासकीय न्यायाधिकरण कायदा, 1985 च्या कलम 21 प्रमाणे अंतिम आदेशापासून 1 वर्ष. निवेदनावर 6 महिन्यांत उत्तर नाही आलं, तर ते 6 महिने संपल्यापासून 1 वर्ष. स्मरणपत्रं पाठवत राहिल्याने ही मुदत वाढत नाही. आता आधी विलंब माफीचा अर्ज, आणि तो मंजूर झाला तरच पुढचं. ताई वकिलांच्या ऑफिसबाहेर जिन्यातच बसल्या होत्या. “मी तर दर वेळी पोच घेत होते गं,” एवढंच म्हणत होत्या.

संघटनांना माझी कळकळीची विनंती आहे. एप्रिल आला की पदावधीच्या याद्या काढता, त्यासोबत विनंती अर्जांच्या नस्त्या कोणत्या टेबलावर किती दिवस आहेत, याचीही यादी मागा. फेब्रुवारीतच मागा, जूनमध्ये तिचा काही उपयोग नाही. या वर्षी मी पुन्हा अर्ज दिलाय. आठव्या कामकाजाच्या दिवशी कलम 10 चा उल्लेख करून लेखी विचारणा केली आणि तिचीही पोच घेतली. काल नस्ती पुढच्या टेबलावर गेली.