बेचाळिसाव्या वर्षी नशीब उघडलं म्हणे! अ‍ॅलन रिकमनच्या त्या फॉरवर्डबद्दल

परवा मामांनी फॅमिली ग्रुपवर 'हॅरी पॉटर'च्या सिनेमांतल्या स्नेपचा, म्हणजे ते काम करणाऱ्या ब्रिटिश नट अ‍ॅलन रिकमनचा, फोटो टाकला. काळा झगा, तेलकट केस आणि खाली लाल-पिवळ्या अक्षरात मजकूर. तुमच्याकडेही आला असेलच, दर दोन-चार महिन्यांनी फिरत असतो, कधी इंग्रजीत कधी मराठीत. थोडक्यात असा: अ‍ॅलन रिकमन आठ वर्षांचा असताना वडील गेले, घरी गरिबी, सव्विसाव्या वर्षी चांगलं चाललेलं काम सोडून अ‍ॅक्टिंगच्या मागे लागला, बेचाळिसाव्या वर्षापर्यंत अपयशच अपयश, मग एका ऑडिशनने नशीब उघडलं आणि पहिल्याच सिनेमात जगप्रसिद्ध. शेवटी "वय हा फक्त आकडा आहे" आणि त्याच्या नावावर खपवलेलं ते 'ऑल्वेज'वालं वाक्य.

मी लिहिलं की मामा, राग मानू नका पण यातलं अर्धंच खरंय. तर म्हणाले, "मग खरं काय ते लिही की, नुसतं टोकू नकोस." म्हणून हे.

"वडील गेले, घरी गरिबी"

हे खरंय, इथे वाद नाही. पश्चिम लंडनमधलं अ‍ॅक्टन, जन्म २१ फेब्रुवारी १९४६, वडील फॅक्टरीत काम करायचे, रंगकामही करायचे, ते गेले तेव्हा हा आठ वर्षांचा आणि घरात चार पोरं. आईने पोस्टात नोकरी करून सगळं ओढलं. पण पुढचं जे फॉरवर्डमध्ये कधीच येत नाही ते म्हणजे पोराला लॅटिमर अप्पर या चांगल्या शाळेची स्कॉलरशिप मिळाली, तिथे नाटकं होती, नाटकांवर जीव असलेले मास्तर होते. नंतर चेल्सीचं आर्ट कॉलेज, मग रॉयल कॉलेज ऑफ आर्ट. म्हणजे गरीब होता पण वाऱ्यावर सोडलेला नव्हता. आणि चेल्सीला असतानाच, १९६५ मध्ये, रिमा हॉर्टन भेटली, तीही हौशी नाटकवाली, पुढे अर्थशास्त्राची प्राध्यापक आणि लेबर पक्षाची नगरसेविका झाली आणि शेवटपर्यंत सोबत राहिली. लग्न केलं थेट २०१२ मध्ये. यावर वेगळा फॉरवर्ड आहे, तो आज नको.

"चांगलं चाललेलं काम सोडून"

मित्रांबरोबर काढलेला डिझाइन स्टुडिओ होता, ग्राफिटी नावाचा, तो सोडला हे खरं. पण वाचताना असं वाटतं की माणसाने एका सकाळी राजीनामा फेकला आणि निघाला. तसं काही नाही. त्याने राडाला पत्र लिहून ऑडिशन मागितली. (राडा म्हणजे आपला राडा नाही, रॉयल अकॅडमी ऑफ ड्रमॅटिक आर्ट, लोक खरंच तिला राडाच म्हणतात.) १९७२ ते ७४ दोन वर्षं रीतसर शिकला, बक्षिसं मिळवली, आणि पोटापाण्याला फ्रीलान्स डिझाइनची कामं घेत राहिला. म्हणजे जुना धंदा सोडला तोही पूर्ण नाही, त्याच धंद्याच्या पैशावर नवा शिकला.

आणि दुसरी कमाई कुठली, तर कपडेपटातली. रॅल्फ रिचर्डसन आणि नायजेल हॉथोर्न या नटांचा ड्रेसर म्हणून त्याने काम केलंय. ज्यांनी बॅकस्टेज केलंय त्यांना माहितीये हे काय काम असतं, विंगेतल्या अंधारात कोट उघडा धरून उभं राहायचं, नट बाहेर आला की अर्ध्या मिनिटात एक उतरवून दुसरा चढवायचा, बटणं चाचपडून लावायची, आणि तो परत उजेडात गेला की तुम्ही तिथेच, हातात घामाने ओला झालेला शर्ट. पण कानावर रोज काय पडतं? रॅल्फ रिचर्डसन रोज तेच वाक्य कसं थोडं वेगळं टाकतो ते. असं शिक्षण फी भरूनही मिळत नाही.

आता गंमत बघा. ते नायजेल हॉथोर्न म्हणजे 'येस मिनिस्टर' या ब्रिटिश मालिकेतले सर हम्फ्री. १९८२ मध्ये बीबीसीने 'द बार्चेस्टर क्रॉनिकल्स' ही मालिका केली, त्यात हॉथोर्न झाले तापट आर्चडीकन, म्हणजे चर्चमधले मोठे अधिकारी, आणि त्यांच्यासमोर गुळगुळीत, कपटी पाद्री ओबादाया स्लोप म्हणून कोण, तर त्यांचा एकेकाळचा कपडेपटवाला. दहा वर्षांत विंगेतून थेट समोरासमोर. फॉरवर्ड लिहिणाऱ्याला रडवायचंच होतं तर हे घ्यायचं होतं ना!

"बेचाळिसाव्या वर्षापर्यंत अपयशच अपयश"

खरं भांडण इथे आहे.

बेचाळीस हा आकडा आला कुठून, तर 'डाय हार्ड' हा हॉलिवूडचा अ‍ॅक्शन सिनेमा १९८८ च्या जुलैमध्ये लागला तेव्हा तो बेचाळीसचा होता आणि तो त्याचा पहिला सिनेमा होता. दोन्ही गोष्टी बरोबर. पण पहिला सिनेमा म्हणजे पहिलं काम असं ज्याने धरलं त्याने मधली चौदा वर्षं कचऱ्यात टाकली. राडातून बाहेर पडल्यावर हा माणूस रेपर्टरीत होता, म्हणजे गावोगावच्या नाट्यगृहांच्या पगारी मंडळ्या, एक नाटक रात्री करायचं आणि पुढच्याची तालीम सकाळी. मँचेस्टर, लेस्टर, शेफील्ड, ब्रिस्टल. १९७८ मध्ये, बत्तीसाव्या वर्षी, रॉयल शेक्सपिअर कंपनीत. तिथे पीटर ब्रूकच्या 'अँटनी अँड क्लिओपात्रा'त होता. पीटर ब्रूक! तेच, महाभारतावर नाटक करणारे. त्याच वर्षी बीबीसीच्या 'रोमिओ अँड ज्युलिएट'मध्ये टिबाल्ट. आणि एवढ्या मोठ्या कंपनीत तो रमला नाही म्हणून सोडून आला आणि लंडनच्या बुश थिएटरसारख्या छोट्या जागेत नवीन लेखकांची नाटकं करत बसला. आता याला अपयश म्हणायचं असेल तर म्हणा, मला तर हा माणूस कुठल्या कामाला हो म्हणायचं ते नीट कळलेला वाटतो.

मग ते स्लोपचं काम. सात भागांची मालिका, आणि त्याने ते इतकं चोख केलं की लोकांना स्लोपची किळस यायची. अशी किळस आणणं सोपं नाही. स्लोप ओरडत नाही, मान किंचित तिरकी ठेवून, ओठ जेमतेम हलवत, शब्दामागून शब्द मध लावून सोडतो आणि डोळे मात्र समोरच्याच्या खिशाकडे. शेवटी ज्या विधवेच्या पैशावर नजर आहे तिला बागेत गाठून प्रेमाचं भाषण देतो आणि तिची सणसणीत थप्पड खातो. त्या क्षणी त्याचा चेहरा बघा, अपमानाआधी आश्चर्य येतं, की अरे, गणित कुठे चुकलं? ब्रिटनमध्ये घराघरात दिसलेला हा चेहरा, वय छत्तीस. कुणी ओळखत नव्हतं म्हणे.

आणि १९८५. रॉयल शेक्सपिअर कंपनीत परत, ख्रिस्तोफर हॅम्प्टनचं 'ले लिएझाँ दांजेरूझ' हे नाटक, दिग्दर्शक हॉवर्ड डेव्हिस, आणि हा व्हालमाँ, बायकांना नादी लावणं हाच ज्याचा खेळ आहे असा फ्रेंच सरदार. सोबत लिंडसे डंकन आणि ज्युलिएट स्टीव्हन्सन. स्ट्रॅटफर्डच्या छोट्या थिएटरात सुरू झालेलं नाटक लंडनला गेलं, वेस्ट एंडला गेलं, १९८७ मध्ये न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेला गेलं आणि रिकमनला टोनीचं, म्हणजे तिथल्या मोठ्या नाट्यपुरस्काराचं, नॉमिनेशन मिळालं. हे सगळं बेचाळीसच्या आधीचं. फॉरवर्डच्या भाषेत 'अपयश'.

"एका ऑडिशनने नशीब उघडलं"

'डाय हार्ड'चा निर्माता जोएल सिल्व्हर आणि दिग्दर्शक जॉन मॅकटिएर्नन यांनी त्याला ब्रॉडवेवर याच व्हालमाँच्या कामात पाहिलं होतं. सप्टेंबर ८७ मध्ये नाटक संपलं, नोव्हेंबरमध्ये शूटिंग सुरू झालं. म्हणजे नशीब वगैरे जे काही होतं ते तिकीट काढून तिसऱ्या घंटेला खुर्चीत बसलं होतं. दोन वर्षं घासून गुळगुळीत झालेला थंड डोक्याचा, सुसंस्कृत, निर्दय माणूस त्यांना तयार मिळाला. 'डाय हार्ड'मधला त्याचा खलनायक हान्स ग्रूबर म्हणजे मशीनगन घेतलेला व्हालमाँच की.

बरं, खरं दुःख शोधायचंच असेल तर इथे आहे. त्याच १९८८ मध्ये त्या नाटकाचा सिनेमा आला आणि व्हालमाँचं काम गेलं जॉन माल्कोविचला. ज्याने ते पात्र उभं केलं, दोन देशांत वाजवलं, त्याला ते पडद्यावर करायला मिळालं नाही. त्या साली त्याचं एकाच वेळी भलंही झालं आणि नुकसानही झालं, पण हे पोस्टरवर बसत नाही ना.

"पहिल्याच सिनेमात जगप्रसिद्ध"

झाला. पण कसा ते बघा. पहिल्यांदा स्क्रिप्ट वाचली तेव्हा त्याला हा अ‍ॅक्शन सिनेमा करायचाच नव्हता. नंतर म्हणाला हो, आणि निर्मात्यासाठी चिठ्ठी ठेवून आला की या दहशतवाद्याला ठरलेल्या दहशतवादी कपड्यांऐवजी सूट घातला तर? हे त्याने स्वतः २०१५ मध्ये बाफ्टाच्या, म्हणजे ब्रिटनच्या फिल्म अकॅडमीच्या, कार्यक्रमात सांगितलंय, आणि आपल्याला काम मिळालं कारण आपण स्वस्तात पडत होतो असंही वर हसून म्हणाला. सूट आला म्हणूनच तो ओलीस असल्याचं नाटक करून सिनेमाचा हिरो ब्रूस विलिससमोर उभा राहू शकतो, आणि तो सीन सिनेमातला सगळ्यात भारी सीन आहे, हे माझं मत, वाद घाला. कपडेपटातला माणूस कपड्यांचं महत्त्व विसरत नाही.

शेवटी तो बिल्डिंगवरून पडतो ना, तेव्हाही तीन म्हटल्यावर सोडू असं सांगून शूटिंगवाल्यांनी आधीच सोडलं त्याला. ते डोळे खरे घाबरलेले आहेत.

आणि जगप्रसिद्ध होऊन थिएटर सोडलं असंही नाही. २००१ मध्ये पुन्हा लिंडसे डंकन, पुन्हा हॉवर्ड डेव्हिस, लंडनला 'प्रायव्हेट लाइव्ह्ज', मग २००२ मध्ये पुन्हा ब्रॉडवे, पुन्हा टोनी नॉमिनेशन, तोवर स्नेपचा पहिला सिनेमाही आलेला होता. 'रॉबिन हूड'मधल्या शेरिफसाठी बाफ्टा, 'रासपुतिन'साठी एमी आणि गोल्डन ग्लोब. ऑस्करचं नॉमिनेशन एकदाही नाही. काही फॉरवर्डमध्ये त्याला ऑस्करही देऊन टाकलाय, तो काढून घ्या.

आता ते 'ऑल्वेज'. "मी ऐंशी वर्षांचा होऊन झुलत्या खुर्चीत हॅरी पॉटर वाचत असेन, घरचे विचारतील, इतक्या वर्षांनीही? आणि मी म्हणेन, ऑल्वेज" असं जे फिरतं ते रिकमनचं वाक्य नाही. ते कुठल्यातरी फॅनचं आहे, त्याच्या फोटोवर चिकटवलं गेलं आणि १४ जानेवारी २०१६ ला तो गेला, एकोणसत्तराव्या वर्षी, तेव्हा तर पूर आला नुसता. तसंच "त्याला पहिल्या दिवसापासून सगळी स्टोरी माहीत होती" हेही फुगवलेलं. हॅरी पॉटरची लेखिका रोलिंगने त्याला सुरुवातीला एक छोटीशी गोष्ट सांगितली होती, एवढीच की स्नेप दिसतो तेवढा सरळ नाही हे त्याला कळावं. बाकी पुस्तकं येतील तशी आपल्यासारखीच त्यालाही वाचावी लागली. आणि तेवढ्याशा धाग्यावर त्याने दहा वर्षं, आठ सिनेमे, तो माणूस बंद दारासारखा ठेवला. हे मला तरी जास्त भारी वाटतं.

हे सगळं ग्रुपवर टाकलं. कुणी वाचलं असेल असं वाटत नाही. म्हणून मामांना वेगळी बार्चेस्टरमधली स्लोपची एक क्लिप पाठवली, काही न लिहिता. तासाभराने उत्तर आलं:

"अरे, हा तर तेव्हापासूनच स्नेप आहे!"