पक्षातला सुधारक कसा आवरावा

गेल्या रविवारी आमच्या मंडळाची वार्षिक सर्वसाधारण सभा झाली. मंडळाचं नाव सांगत नाही. नेदरलँड्समध्ये राहणाऱ्यांनी उगाच अंदाज बांधत बसू नये. ताळेबंदात ‘किरकोळ खर्च’ नावाची रक्कम हॉलच्या भाड्यापेक्षा मोठी दिसली, म्हणून मी विचारलं, यात नेमकं काय काय आलं? खजिनदारांनी अध्यक्षांकडे पाहिलं, अध्यक्षांनी छताकडे. मग अध्यक्ष अगदी मायेनं म्हणाले, “वहिनी, हल्ली जरा दमल्यासारख्या दिसताय. घरी सगळं बरं ना? पुढच्या वर्षी तुम्ही वाचनालयाचं बघा की. तुम्हाला आवडेल ते.” टाळ्या. पुढचा विषय: गणपतीत मोदक उकडीचे की तळणीचे.

घरी पोचेपर्यंत धुमसत होते. मग लक्षात आलं की अध्यक्षांनी नव्यानं काही शोधलेलं नाही. हे तंत्र या देशातल्या एका जुन्या, घरंदाज पक्षानं आधीच पूर्णत्वाला नेलेलं आहे. सीडीए, म्हणजे इथला ख्रिश्चन डेमोक्रॅटिक पक्ष. 1980 मध्ये एक कॅथलिक आणि दोन प्रोटेस्टंट पक्ष मिळून झाला. पंतप्रधान लुबर्सच्या काळात संसदेत 150 पैकी 54 जागा. पक्षाच्या मूलतत्त्वांमध्ये ‘सार्वजनिक न्याय’ असं चक्क लिहून ठेवलंय. अशा पक्षात पीटर ओमझिख्त नावाचा एक खासदार निघाला आणि त्यानं ते वाक्य खरं मानलं. पुढे काय काय करावं लागलं ते तुमच्या उपयोगी पडावं म्हणून देते. पक्ष असो, मंडळ असो, सोसायटी असो, कृती तीच.

पहिलं म्हणजे त्याला यादीत खाली ढकला. इथं मतदार पक्षाच्या यादीतल्या एका नावापुढे खूण करतो, आणि जागा साधारण यादीच्या क्रमानं वाटल्या जातात. ओमझिख्त अर्थमितीत डॉक्टरेट केलेला, पेन्शनच्या आकड्यांत बुडालेला, 2003 पासून खासदार. 2012 च्या निवडणुकीत पक्षानं त्याला 39 वा क्रमांक दिला. पक्षाला मिळाल्या 13 जागा. हिशोब चोख होता. फक्त ट्वेंटेच्या लोकांना कुणी कळवलं नव्हतं. पूर्वेकडचा हा भाग त्याचा स्वतःचा. तिथल्या आणि इतर मतदारांनी 36,750 मतं थेट त्याच्या नावावर टाकली आणि गडी यादी ओलांडून आत आला. तेव्हा 39 वर भागवू नका. यादी लांब ठेवा.

दुसरं: त्याचा विषय ‘तांत्रिक’ आहे असं सांगा.

हे फार महत्त्वाचं. “मुद्दा चांगला आहे, पण जरा तांत्रिक आहे,” एवढं म्हटलं की सभा जांभई देते. ओमझिख्तचा विषय तर नुसत्या नावानंच झोप आणणारा होता: पाळणाघराचा भत्ता. ज्यांची मुलं इथं पाळणाघरात गेली त्यांना तूस्लाख म्हणजे काय ते सांगायला नको. इतरांसाठी सांगते. पाळणाघर महाग, सरकार बराचसा भार उचलतं, पण पैसे आधी अंदाजानं देतं आणि हिशोब नंतर करतं. करखात्याचं निळं पाकीट दारात पडतं तेव्हा पोटात गोळा येतो तो या ‘नंतर’मुळे. या भत्त्यात एखादी सही राहिली, स्वतःच्या हिश्श्याचे थोडे पैसे भरल्याचा कागद सापडला नाही, तर तेवढ्यापुरती रक्कम कापत नसत. अख्ख्या वर्षाची परत मागत. हजारो युरो, कुणाकडून लाखाच्या घरातही. हप्ते मागायला गेलं तर उत्तर: तुम्ही मुद्दाम केलंय, हप्ते मिळणार नाहीत. पगारातून कापा, गाडी उचला. आणि संशय कुणावर आधी? दुहेरी नागरिकत्व असलेल्यांवर. तुर्की, मोरोक्कन, सुरिनामी आडनावं. दुहेरी नागरिकत्वाच्या नोंदी अशा वापरणं बेकायदा होतं, असं 2020 मध्ये माहिती संरक्षणाच्या सरकारी यंत्रणेनंच सांगितलं. तोवर घरं मोडली होती. लोकपालानं 2017 मध्ये अहवाल देऊन ओरडून सांगितलं होतं. खात्यातल्याच एका कायदे सल्लागार बाईंनी त्याच वर्षी लिहून दिलं होतं की हे चुकलंय, भरपाई द्या. ते टिपण फाइलीत झोपलं. पालकांनी स्वतःची फाइल मागितली तर पानंच्या पानं काळी करून हातात दिली. काळी! तुमच्या घरादाराबद्दल सरकारनं काय लिहिलंय ते तुम्हालाच वाचता येऊ नये म्हणून! या काळात बाधित घरांतली हजाराहून जास्त मुलं आईबापांपासून काढून दुसरीकडे ठेवली गेली. हा तांत्रिक विषय. ओमझिख्त आणि समाजवादी पक्षाच्या रेन्स्के लेइटन हे दोघं प्रश्नामागून प्रश्न टाकत राहिले. उत्तर अर्धवट आलं की उरलेल्या अर्ध्यावर पुन्हा प्रश्न. हेलमंड गावच्या एक वकीलबाई आणि एका दैनिकाचे व एका वृत्तवाहिनीचे पत्रकार सोबतीला होते. तेव्हाही सहकारी म्हणत, पीटर, सोड ना आता, आपण सरकारात आहोत. सरकारात होते, हो. त्याचाच पक्ष सत्तेत होता आणि तो आपल्याच सरकारला विचारत होता. हीच त्याची खरी चूक.

शेवटी डिसेंबर 2020 मध्ये संसदीय समितीनं अहवालाला नावच ‘अभूतपूर्व अन्याय’ असं दिलं आणि 15 जानेवारी 2021 ला पंतप्रधान रुत्तेंचं सरकार पायउतार झालं. दोन महिन्यांनी निवडणूक झाली, आणि रुत्तेंचाच पक्ष सर्वांत मोठा ठरला. त्यांना नंतर नाटोचं सरचिटणीसपद मिळालं. असू दे.

मी सल्ले देत होते. तर तिसरं: लोकशाही पद्धतीनं हरवा. 2020 च्या जुलैत पक्षनेता निवडायला सदस्यांचं ऑनलाइन मतदान घेतलं. ह्यूगो द योंगे 50.7 टक्के, ओमझिख्त 49.3. काहींनी तक्रार केली की मत ओमझिख्तला दिलं तर आभार द योंगेंना मत दिल्याबद्दलचे आले. चौकशीत गैरप्रकार आढळला नाही, विषय मिटला. मग डिसेंबरात द योंगेंनी स्वतःच नेतेपद सोडलं. आता तुम्ही म्हणाल, निम्म्या सदस्यांनी ज्याला निवडलं होतं तो पुढे येईल. अहो, मग तुम्ही अजून नवखेच. नेतेपद वोप्के हुकस्त्रांना गेलं. ते त्या निवडणुकीत उभेच नव्हते.

चौथं: मतं त्याच्या नावावर घ्या, निर्णय त्याच्याशिवाय घ्या. 2021 मध्ये त्याला एकट्याला 3,42,472 मतं पडली.

पाचवं: प्रचाराला मोठी देणगी देणाऱ्यांबद्दल त्याला प्रश्न पडत असतील, तर ‘आपल्याकडे विश्वासाचं वातावरण आहे’ असं म्हणा.

सहावं: तब्येतीची चौकशी करा. याला तोड नाही. जो माणूस रात्री दोनपर्यंत कागद वाचतो तो कधी ना कधी थकतोच. मग आवाजात काळजी आणायची: “आम्हाला त्याची चिंता वाटते.” मुद्दा तिथंच गळून पडतो. कुणी विचारत नाही की माणूस थकला कशानं. ओमझिख्तनं पक्षाच्या चौकशी समितीला जे लांबलचक टिपण दिलं, ते जून 2021 मध्ये फुटलं. आपल्याला पक्षातल्याच लोकांनी ‘आजारी माणूस’, ‘मनोविकृत’ म्हटल्याचं त्यात होतं. प्रेमानं म्हटलं असेल. आमचे अध्यक्षही प्रेमानंच म्हणाले. सभा संपल्यावर मला किती जणांचे खासगी निरोप आले म्हणून सांगू: “बरं झालं विचारलंत, आमच्याही मनात होतं.” मनात होतं! तोंड कुठं होतं? मोदकात?

सातवं: त्याला दुसरीकडे पाठवा. मार्च 2021 मध्ये सरकार जुळवण्याची बोलणी चालू होती. ओमझिख्त दमून घरी होता. मध्यस्थ मंत्रीणबाई ओलोंग्रेन कोरोनाची चाचणी पॉझिटिव्ह आल्याचं कळताच घाईनं बाहेर पडल्या, काखेत कागद, बाहेर छायाचित्रकार. फोटो मोठा करून पाहिला तर त्यावर लिहिलेलं: ‘ओमझिख्त यांचं स्थान, काम अन्यत्र’. साडेतीन लाख लोकांनी निवडलेल्या खासदाराचं काय करायचं, यावर ती चर्चा. रुत्ते म्हणाले, माझ्या बोलण्यात त्याचं नाव नव्हतं. मग इतिवृत्त बाहेर आलं, तर नाव होतं. त्याला मंत्री करा, असं सुचवलेलं होतं. रुत्ते म्हणाले, आठवणीत चूक झाली. रात्रभर संसद बसली, त्यांच्याविरुद्ध निंदेचा ठराव मंजूर झाला, अविश्वासाचा मात्र नाही. तो निंदेचा ठराव मांडणाऱ्यांत सीडीएसुद्धा होता. आणि जानेवारी 2022 मध्ये तेच चार पक्ष, तेच पंतप्रधान, पुन्हा शपथ घेऊन मोकळे. या टिपेतून शिकण्यासारखं एवढंच: कागद उलटा धरावा.

ओमझिख्तला देव्हाऱ्यात बसवायला मी निघालेली नाही. त्याचं इतरांशी पटायचं नाही, निर्णय घ्यायला तो आठवडेच्या आठवडे लावी, आणि युक्रेनवर पाडलेल्या एमएच 17 विमानाच्या प्रकरणात एका खोट्या साक्षीदाराच्या बाबतीत तो चुकला, त्यावरून त्याला तो विषय सोडावा लागला. पक्षातून बाहेर पडल्यावर 2023 मध्ये त्यानं ‘नवा सामाजिक करार’ नावाचा पक्ष काढला आणि काही महिन्यांतच 20 जागा मिळवल्या. सीडीए 5 वर आली. 54 वरून 5! पण पक्ष चालवणं म्हणजे प्रश्न विचारणं नव्हे. बऱ्याच घोळानंतर तो कट्टर उजव्या विल्डर्सच्या पक्षाबरोबर सत्तेच्या मांडवात बसला, जे त्याला कधीच पेललं नाही, आणि एप्रिल 2025 मध्ये राजकारणच सोडून गेला. ऑक्टोबरच्या निवडणुकीत त्याच्या पक्षाला शून्य जागा. आणि सीडीएला? 18. बोंटेनबाल नावाच्या नव्या नेत्यानं सभ्यतेचं, नीट कारभाराचं राजकारण हवं म्हटलं आणि लोकांना ते फार आवडलं. म्हणजे हा शेवटचा सल्ला: सुधारक घालवला की त्याची भाषा धुऊन वापरायला काढा.

बास. सल्ले संपले. आता सरळ बोलते, कारण उपरोध तुम्हाला कळतो आणि लागत मात्र नाही.

निकालाच्या रात्री ग्रुपवर ‘शून्य’चे विनोद फिरवणारे तुम्ही. “प्रामाणिक असेल हो, पण राजकारण जमलं नाही त्याला.” जमायला काय हवं होतं त्याला? गप्प बसणं? ते तुम्हाला जमतं म्हणून तुम्ही इथं बारा वर्षं सुखात आहात. त्या पालकांची भरपाई अजून पुरी झालेली नाही. 30,000 युरोंचा धनादेश मिळाला म्हणून कुणाचं मोडलेलं लग्न जुळलेलं नाही, कुणाचं मूल त्या हरवलेल्या वर्षांसकट परत आलेलं नाही. ते प्रश्न एका माणसानं वर्षानुवर्षं विचारले, स्वतःच्या पक्षाला नकोसा होईपर्यंत विचारले, म्हणून आज भत्त्याच्या चुकीवर अख्खं वर्ष वसूल करत नाहीत. तुमचंही नाही. तुम्ही फॉर्मवर पाळणाघराचे तास चुकीचे टाकता, मग ‘कुणी ओळखीचं आहे का’ म्हणून ग्रुपवर विचारता, ते तुमचंसुद्धा. त्याला एक मत तर सोडाच, एक ओळ ईमेल तरी केलीत कधी? ज्यांना इथं मत आहे त्यांनी कधी यादीत पहिल्या नावाच्या खाली नजर टाकली? ‘आपण परके, आपल्याला काय’ हे वाक्य आता पुरे झालं. त्या यंत्रणेला आडनावं वाचता येत होती. तुमचंही वाचता आलं असतं.