शहराच्या वाटेवरच्या गावांना वडीलकीचा सल्ला

तुमच्या गावात तिपाईवरचं यंत्र घेऊन दोन पोरं आली असतील, बांधावरच्या दगडावर त्यांनी लाल रंगाने एक आकडा लिहिला असेल आणि "कशाचं आहे रे?" म्हणून विचारल्यावर "काही नाही काका, नुसता सर्व्हे आहे" असं उत्तर मिळालं असेल, तर अभिनंदन. तुमच्याकडे शहर येतंय. पोरांना चहा पाजा. आकडा पुसायच्या भानगडीत पडू नका. आमच्या आजोबांनी पुसून बघितला होता. दुसऱ्या दिवशी तोच आकडा आणखी मोठा लिहिलेला होता.

सल्ला देणारे आम्ही कोण, हे विचारणं तुमचा हक्क आहे. आम्ही अंधेरी पूर्वेच्या एका गावठाणातले. लोक शहरात जायला गाडी पकडतात, आम्ही ओट्यावर तंबाखू मळत बसलो होतो आणि शहर आलं. १९५० साली आमचं गाव मुंबईच्या हद्दीत गेलं. मग भाताच्या खाचरांवर कारखाने आले, १९७३ साली सीप्झ म्हणजे निर्यातीच्या मालाची वसाहत आली, त्यानंतर काचेच्या इमारती आल्या. वर घ्यायला काही उरलं नाही तेव्हा खालून भुयारी मेट्रो काढली. एवढा पाऊणशे वर्षांचा अनुभव गाठीशी असताना पनवेल, उरण, कल्याणकडच्या नवख्या गावांना मार्गदर्शन करायचं नाही, तर कुणाला करायचं?

सगळ्यात आधी, गावाच्या नावाची काळजी करू नका. शहर नाव जपून ठेवतं, बाकीचं ठेवत नाही. गिरगावात खेतवाडी आहे, तिथे खेत कुठे आहे हे टॅक्सीवाल्याला विचारून बघा. फणसवाडीत फणस मिळतोही, पण हातगाडीवर. कधीकधी जुनं नाव घरांच्या दराला परवडत नाही, मग बिल्डर मंडळी ते हळूच सरकवतात आणि लोअर परळच्या जाहिरातीत अप्पर वरळी छापून येतं. तेव्हा तुमच्या तळ्यावर भराव पडला आणि त्यावर 'लेक व्ह्यू' उभं राहिलं, तर वाद घालू नका. पहिल्या मजल्यावरचा रहिवासी तक्रार करील की तळं कुठे दिसत नाही. त्याला सांगा, साहेब, तुम्ही त्यातच राहताय. पावसाळ्यात त्याला पटेल.

आता गणित. इथे घाई करू नका, कारण गावाचं शहर होताना माणसाला भूगोल कमी आणि अपूर्णांक जास्त लागतात. मार्च १९७० मध्ये सिडको, म्हणजे नवी मुंबई वसवणारं सरकारी महामंडळ, स्थापन झाली आणि नव्या मुंबईसाठी ठाणे, पनवेल, उरण भागातली ९५ गावं आराखड्यात घेतली गेली. आराखडा छान होता. त्यात रस्ते होते, नोड म्हणजे आखलेल्या वसाहती होत्या, स्टेशनं होती. माणसांचं काय करायचं, ते मागाहून बघू म्हणून ठेवलेलं होतं. ते मागाहून बघायला शेतकऱ्यांचे नेते दि. बा. पाटील यांच्या मागे हजारो शेतकऱ्यांना उभं राहावं लागलं, आणि जानेवारी १९८४ मध्ये जासईच्या आंदोलनात पोलिसांच्या गोळीबारात पाच माणसं मेली. हे एक वाक्य हसत वाचायचं नाही. त्यानंतरही सहा वर्षं फायली फिरल्या, आणि १९९० साली साडेबारा टक्क्यांची योजना आली.

साडेबारा टक्के म्हणजे काय? तुमची शंभर गुंठे जमीन गेली असेल, तर साडेबारा गुंठ्यांचा विकसित भूखंड परत. त्यातून पावणेचार सामाजिक सुविधांसाठी वजा. राहिले पावणेनऊ. साडेबाराचे पावणेनऊ कसे होतात हे शाळेत शिकवत नाहीत, कारण शाळा त्या पावणेचारांतच यायची असते. तुमचा भूखंड नक्की कुठे, कोणत्या नोडमध्ये, वडिलांच्या हयातीत की नातवाच्या, हे मात्र योजनेत विचारू नये. प्रकल्पग्रस्ताचा दाखला लॅमिनेट करून घेण्याची चूक बरेच जण करतात. करू नका. त्यावर अजून खूप शिक्के बसायचे आहेत.

नवी मुंबईच्या विमानतळासाठी गेलेल्या जमिनीला साडेबावीस टक्के. बघा, प्रगती आहे. वाघिवली, तरघर, कोंबडभुजे, चिंचपाडा अशी दहा गावं उठली, उलव्याची टेकडी कापली, उलवे नदीला दुसरीकडून जायला सांगितलं, आणि २५ डिसेंबर २०२५ पासून विमानं उडायला लागली. कोंबडभुज्याच्या आकाशात आता कोंबडीपेक्षा बरंच मोठं काहीतरी उडतं. गावांनी जमीन दिली, डोंगर दिला, नदी दिली आणि बदल्यात विमानतळाला दि. बां.चं नाव मागितलं. त्या एका नावासाठी जून २०२१ मध्ये हजारो माणसं मानवी साखळी करून रस्त्यावर उभी राहिली. म्हणून म्हटलं, नावाची काळजी करू नका. ती करायला वेगळं आंदोलन लागतं.

आणि नैना. विमानतळाच्या प्रभावाखालचं क्षेत्र, अधिसूचना २०१३ ची. प्रभावाखाली येणं म्हणजे नक्की काय, हे पनवेलकडचे शेतकरी तेव्हापासून समजून घेत आहेत. इथे हिशेब सोपा ठेवलाय: साठ टक्के सोडा, चाळीस तुमचे. वर सुधारणा शुल्काचा आकडा पुढे आला की म्हणू नका, साठ टक्के गेल्यावर सुधारणा कुणाची झाली. असं विचारणाऱ्याला बैठकीत विकासविरोधी म्हणतात, आणि बाहेर पडल्यावर चपला सापडत नाहीत.

पैसे येणार म्हटल्यावर घरात पहिली आठवण होते ती बहिणींची. इतकी वर्षं भाऊबीजेला "या वर्षी जमत नाही गं" म्हणणारा भाऊ भर उन्हाळ्यात साडी घेऊन तिच्या दारात उभा राहतो. साडीवर पेढ्यांचा पुडा, पुड्याखाली हक्कसोडपत्र. यात लाजण्यासारखं काही नाही, सगळं गाव हेच करतं. वडिलोपार्जित मिळकतीत मुलीचा वाटा मुलाइतकाच, हे महाराष्ट्राने १९९४ सालीच ठरवलं आणि देशाने २००५ साली. पण कायदा विधानभवनात होतो, सही माजघरात होते. तिला एवढंच म्हणा, "माहेर तुटायला नको." पुढे गप्प बसा. बहुतेक जणी स्वतःहूनच विचारतात, कुठे करायची सही. आमच्या बघण्यात एकीने मात्र विचारलं, "दादा, जमीन गेल्यावर माहेर असणार कुठे?" असली बहीण असेल तर आधी तिला पोटभर जेवायला वाढा आणि दुय्यम निबंधकाच्या कार्यालयात रिक्षाने नेऊ नका, नव्या गाडीने न्या.

नवी गाडी घेतली असेलच. ती तुमच्या गल्लीत शिरत नाही हेही लक्षात आलं असेल. मग घ्या बंगला. बंगल्याला ग्रॅनाइट, ग्रॅनाइटवर गावदेवीचा फोटो, आणि पोराच्या हळदीला असा डीजे की नवरीच्या गावापर्यंत खिडक्यांची तावदानं थरथरली पाहिजेत. एक बैल पाळा. बैलगाडा शर्यतींचा मार्ग सर्वोच्च न्यायालयाने मे २०२३ मध्ये मोकळा केलाय, त्यामुळे पैसा जिरवायची सोय आहे. त्याला दूध द्या, अंडी द्या, पंखा लावा. नांगर म्हणजे काय हे त्याला कळू देऊ नका. घरचं भात बंद झालंय, तर तांदूळ वाशीच्या एपीएमसीतून आणा. जानेवारीत पोपटी, म्हणजे मडक्यात शेंगा भाजायचा बेत, लावायची हौस असेल तर वालाच्या शेंगाही तिथूनच. भांबुर्ड्याचा पाला तेवढा अजून फुकट मिळतो, तोही कंपाउंडच्या आतला असेल तर वॉचमनला विचारून.

वॉचमन म्हणजे तुमच्याच चुलत्याचा पोरगा. स्थानिकांना रोजगार मिळणार असं भूमिपूजनाच्या भाषणात सांगितलं होतं की नाही? मिळाला. निळा गणवेश, बारा तासांची पाळी. आजाने जिथे आवणी केली त्या खाचराच्या गेटवर तो उभा राहतो, आणि तुम्ही आत जायचं म्हटलं तर त्यालाच अ‍ॅपवरून अकराव्या मजल्याला फोन लावून परवानगी घ्यावी लागते. चिडू नका त्याच्यावर. "कोण आलंय?" असं वरून विचारलं तर तो "गाववाले आहेत" म्हणतो. वर काय समजायचं ते समजतात.

या नव्या शेजाऱ्यांशी जुळवून घ्या. ते इथे गावाच्या शांततेसाठी राहायला आले, फ्लॅटचं कर्ज वीस वर्षांचं आहे, आणि चैत्रात गावदेवीच्या जत्रेचा लाऊडस्पीकर वाजला की त्यांचं मन दुखावतं. सुक्या बोंबलाच्या वासाचंही तसंच. त्यांच्या तक्रारीत तथ्य आहे. विकत घेताना ब्रोशरमध्ये बोंबील नव्हते.

तुमच्या घराचं काय? ते अनधिकृत आहे. दचकू नका, घर तेच आहे, फक्त कागद सरकलाय. गावठाणाची हद्द पिढ्यान् पिढ्या आहे तिथेच राहते, भाऊ वेगळे होतात, त्यांची पोरं मोठी होतात, घर वाढतं ते हद्दीबाहेर. अशा घरांना सरकारी भाषेत 'गरजेपोटी बांधलेली घरं' म्हणतात. समोरचा तीस मजली टॉवर गरजेपोटी बांधलेला नाही, म्हणून तो कायदेशीर आहे. दर निवडणुकीआधी तुमची घरं नियमित होतात आणि दर निवडणुकीनंतर ती पुन्हा अनधिकृत सापडतात. हा व्यायाम समजा.

ग्रामपंचायतीत राहायचं की महापालिकेत, या प्रश्नावर फार डोकं शिणवू नका. कल्याणजवळच्या २७ गावांकडे बघा. १९८३ मध्ये पालिकेत घेतली, २००२ मध्ये बाहेर काढली, २०१५ मध्ये परत आत घेतली. २०२० मध्ये त्यातली १८ पुन्हा बाहेर काढायचं ठरलं, ते उच्च न्यायालयात टिकलं नाही. शहाण्याने दोन्ही शिक्के जवळ ठेवावेत. पालिकेत गेलात तर घरपट्टी शहराची, पाणी गावाचं. पंचायतीत राहिलात तर उलट होईल अशी आशा धरू नका.

पाण्यावरून आठवलं. शहापूर तालुक्यातल्या मंडळींचं कौतुक करावं तेवढं थोडं. मुंबईला तिथल्या तानसा तलावाचं पाणी १८९२ पासून मिळतंय, आज शहराच्या तहानेचा जवळपास निम्मा भार तिथलं एकटं भातसा धरण उचलतं, आणि त्याच तालुक्यातल्या पाड्यांवर उन्हाळ्यात टँकर येतो. मी मुंबईत नळ सोडून दात घासतो तेव्हा मला त्यांची आठवण येते असं म्हणालो तर खोटं होईल. तुमच्या गावातून जाडी पाइपलाइन गेली असेल तर पोरांना तिच्यावर बसू द्या, संध्याकाळी गार लागते.

एक मात्र सांगतो, विकायची घाई करू नका आणि फार ताणूही नका. भाव फुटायच्या आधी सहा महिने गावात एक ओळखीचा, गोड बोलणारा, पांढऱ्या शर्टातला माणूस येतो. त्याला सातबारा दाखवायला हरकत नसते. आम्हा मध्यस्थांचं समाधान दोन टक्क्यांत होतं. साडेबारा, साडेबावीस असला हावरटपणा आमच्या धंद्यात नाही. आमचं शेत गेलं त्यानंतर दुसरं काही पिकवता येत नव्हतं, मग हे पिकवायला शिकलो. शिवाय विकणाऱ्याचं दुःख आम्हाला आतून माहीत असतं, त्यामुळे किती ताणलं की तो सही करतो याचा अंदाज बाहेरच्यापेक्षा बरा येतो.

सध्या आमचं लक्ष खाडीपलीकडे आहे. अटल सेतू जानेवारी २०२४ मध्ये सुरू झाला, शिवडीहून गाडीत बसलं की चहा गार व्हायच्या आत उरणकडचं चिरले गाव. तिथून पुढे तिसरी मुंबई: कर्नाळा, साई, चिरनेर मिळून उरण, पनवेल, पेणमधली १२४ गावं, एमएमआरडीए या मुंबई महानगराच्या विकास प्राधिकरणाच्या ताब्यात. चिरनेरच्या लोकांनी २५ सप्टेंबर १९३० ला जंगलाच्या हक्कासाठी इंग्रजांच्या गोळ्या खाल्ल्या होत्या, त्यामुळे तिकडे जरा सांभाळून बोलावं लागतं. विरोधाच्या सभा चालू आहेत, हरकतींचे गठ्ठे जाताहेत. चांगली चिन्हं आहेत, विरोधाशिवाय भाव चढत नाही.

तर तुमची एखादी बहीण त्या १२४ पैकी कुठल्या गावात दिली असेल, आणि तिच्या सासऱ्याच्या नावावर पाच-दहा एकर असतील, तर तिचा नंबर तेवढा पाठवा. असेलच तुमच्याकडे. हक्कसोडपत्रावर लिहून घेतला होता ना?