मुद्दलाचा रकाना

आठवीच्या वर्गाला मी गेली अनेक वर्षे चक्रवाढ व्याज शिकवते. त्या उदाहरणांतला कर्जदार हा अत्यंत सुखी माणूस असतो. तो द.सा.द.शे. १० दराने दोन किंवा फार तर तीन वर्षांसाठी रक्कम घेतो, मुदत संपली की व्याजासह एकरकमी परत करतो आणि पुढच्या उदाहरणात घसाऱ्यासकट मोटारसायकल विकत घेतो. त्याला मुले नसतात, सोसायटीचा मेंटेनन्स नसतो आणि मुख्य म्हणजे त्याचा व्याजदर उदाहरण सोडवता सोडवता मध्येच कोणी बदलत नाही. एवढ्या शिदोरीवर २०२१ च्या ऑक्टोबरात आम्ही पुण्याच्या पश्चिमेकडच्या उपनगरात ६५ लाखांचा तयार फ्लॅट ठरवला आणि त्यासाठी ५० लाखांचे गृहकर्ज घ्यायला निघालो.

ही बातमी पसरल्यावर मला एकच प्रश्न विचारण्यात आला, तो म्हणजे ‘हप्ता किती बसतो?’ शिक्षकखोलीत तो विचारला गेला, नणंदेने फोनवरून विचारला, आणि जुन्या घराचे रद्दीवालेसुद्धा तराजू बाजूला ठेवून तेच विचारते झाले. भाजीच्या जुडीचा भाव केल्याशिवाय जी माणसे पिशवी उघडत नाहीत, त्यांच्यापैकी एकानेही ‘एकूण किती भरणार?’ असे विचारले नाही. बँकेतल्या अधिकाऱ्यांची तर हप्त्यावर अपार श्रद्धा होती. वीस वर्षे मुदत आणि ७ टक्के दर धरून त्यांनी ३८,७६५ रुपयांचा हप्ता सांगितला आणि माझ्या कपाळावर आठी दिसताच अतिशय मायेने ते म्हणाले, ‘मॅडम, जड वाटत असेल तर तीस वर्षे करू. साहेबांच्या सत्तरीपर्यंत नेता येते. हप्ता थेट ३३,२६५ वर येतो.’

‘साहेब’ म्हणजे माझा नवरा. आपली सत्तरी अशी अचानक टेबलावर मांडली गेल्यामुळे तो जरा गंभीर झाला होता, पण दरमहा साडेपाच हजार वाचणार हे ऐकताच त्याचा चेहरा उजळला. मी तिथेच कागद मागून घेतला आणि गुणाकार केला. वीस वर्षांत ५० लाखांचे सुमारे ९३ लाख होत होते आणि तीस वर्षांत सुमारे एक कोटी वीस लाख. म्हणजे दरमहा साडेपाच हजारांचा हा दिलासा आम्हाला २६ लाखांहून अधिक रकमेला पडणार होता. तो कागद मी त्या अधिकाऱ्यांपुढे सरकवला तेव्हा त्यांनी तो प्रथमच पाहत असल्यासारखा पाहिला आणि ‘तसं बघायला गेलं तर आहे खरं,’ असे म्हणून चहा मागवला. त्यांना दोष देता येणार नाही, कारण तसे बघायला कोणी जातच नाही.

आता खर्चाची दुसरी बाजू. बँक घराच्या किमतीवर कर्ज देते, पण मुद्रांक शुल्क आणि नोंदणी शुल्क ती त्या किमतीत धरत नाही. ते पदरचेच घालावे लागतात. त्या वर्षीच्या एप्रिलपासून महाराष्ट्रात महिला खरेदीदारांना मुद्रांक शुल्कात एक टक्क्याची सवलत सुरू झाली होती, म्हणजे आमच्या बाबतीत ६५ हजारांची. मात्र दस्तावर खरेदीदार म्हणून पुरुषाचे नाव असता कामा नये आणि पंधरा वर्षे ते घर पुरुषाला विकता कामा नये, अशा अटी होत्या. (विक्रीची अट पुढे २०२३ मध्ये काढून टाकण्यात आली, तोपर्यंत मी घरात थोडी तोऱ्यात वावरत असे.) बँकेला मात्र नवऱ्याचा पगार हवा होता, म्हणून तो सहकर्जदार झाला. परिणामी आमच्या घराची कायदेशीर स्थिती अशी आहे की, घर माझे आहे आणि कर्ज आम्हा दोघांचे आहे. नवऱ्याने हे औदार्याने स्वीकारले. पुढे प्राप्तिकराचा फॉर्म भरताना सनदी लेखापालांनी त्याला सांगितले की, जो मालक नाही त्याला व्याजाची वजावट मिळत नाही, तेव्हा ते औदार्य किंचित आटले.

वजावटीचा विषय निघालाच आहे तर तोही उरकून टाकते. ‘गृहकर्जाने टॅक्स वाचतो’ हे वाक्य आपल्याकडे औक्षणाच्या वेळी म्हणावे इतक्या वेळा म्हटले जाते. जुन्या करप्रणालीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर वर्षाला जास्तीत जास्त दोन लाखांची वजावट मिळते. आमचे पहिल्या वर्षाचे व्याज जवळजवळ साडेतीन लाख होते. वीस टक्क्यांच्या पायरीवर असलेल्या माणसाचे त्या दोन लाखांमुळे ४० हजार आणि वर थोडा उपकर, इतकेच वाचतात. साडेतीन लाख देऊन चाळीस हजार वाचवणे याला बचत म्हणायचे असेल तर माझी हरकत नाही, फक्त ते उदाहरण मी वर्गात घेणार नाही. नव्या करप्रणालीत तर राहत्या घरासाठी ही वजावटच नाही.

सह्यांच्या दिवशी आणखी एक कागद हळूच पुढे आला. तो कर्जाच्या विम्याचा होता. हप्ता भरणारी व्यक्ती दगावली तर घरच्यांवर बोजा पडू नये, हा त्यामागचा हेतू उत्तमच आहे. परंतु दीड लाखांचा एकरकमी प्रीमियम ‘कर्जातच घालून टाकू, तुम्हाला जाणवणारसुद्धा नाही,’ असे जेव्हा मला सांगण्यात आले, तेव्हा मी पुन्हा कागद मागितला. कर्जात घातलेले ते दीड लाख वीस वर्षांत पावणेतीन लाखांच्या पुढे जातात. हा विमा बँकेकडूनच घेण्याची सक्ती नसते. आम्ही दोघांनी साध्या मुदत विम्याच्या पॉलिसी वेगळ्या घेतल्या.

त्यानंतर कर्जाचे परतफेड वेळापत्रक माझ्या हातात आले. २४० ओळींचे हे वाङ्मय फार थोड्या कर्जदारांनी मुळातून वाचलेले असते. त्यात हप्त्याचा रकाना सरळ उभा खाली उतरतो आणि त्याच्या शेजारी व्याज व मुद्दल असे दोन रकाने असतात. पहिल्या ओळीत व्याज २९,१६७ आणि मुद्दल ९,५९८ होते. लग्नाच्या पंगतीत वरपक्ष आधी बसतो तसे व्याज आधी जेवते आणि मुद्दल मुलीकडच्या मंडळींप्रमाणे हातात वाढपाची भांडी घेऊन उभे असते. वर्षभरात आम्ही चार लाख ६५ हजार भरणार होतो आणि त्यातून कर्ज कमी होणार होते एक लाख १९ हजारांनी. हप्त्यात मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा होण्यास दहा वर्षे लागणार होती आणि निम्मे कर्ज फिटण्यास सव्वातेरा. यात कसलीही लबाडी नाही. जितकी रक्कम देणे आहे तितक्यावरच त्या महिन्याचे व्याज लागते, आणि सुरुवातीला सगळेच देणे असते, इतका साधा हा हिशेब आहे. तरीही तो शेवटपर्यंत वाचून झाल्यावर मला थोडा वेळ कोणाशी बोलावेसे वाटले नाही. सासूबाईंनी कारण विचारले. मी सांगितले. त्या म्हणाल्या, ‘अगं, मुद्दलापेक्षा व्याज नेहमीच लाडकं असतं,’ आणि नातवाला लाडू द्यायला उठून गेल्या.

इथपर्यंतही ठीक होते. आमचे कर्ज बदलत्या दराचे होते, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने इतर बँकांना अल्पमुदतीचे पैसे देते त्या रेपो दराला बांधलेले. अशा कर्जांचे दर एखाद्या बाह्य दराशी जोडण्याचा आणि निदान तीन महिन्यांतून एकदा ठरवून घेण्याचा नियम २०१९ च्या ऑक्टोबरपासून आहे. आम्ही कर्ज घेतले तेव्हा रेपो दर चार टक्के होता आणि तो तिथे जन्मला आहे अशीच सर्वांची समजूत होती. २०२२ च्या मे महिन्यात तो हलला, आणि फेब्रुवारी २०२३ पर्यंत साडेसहा टक्क्यांवर जाऊन बसला. आमचा ७ टक्क्यांचा दर त्याच्या मागोमाग साडेनऊ झाला. हप्ता मात्र होता तेवढाच राहिला. नवरा म्हणाला, ‘बघ, बँकेने किती सांभाळून घेतलं!’

मला सवयीने मुद्दलाचा रकाना आठवला. मी बँकेचे खाते उघडून त्या महिन्याचा हप्ता पाहिला. ३८,७६५ रुपयांपैकी व्याज वजा जाता मुद्दलाच्या खात्यात चारशे रुपयेसुद्धा उरले नव्हते. साडेअठ्ठेचाळीस लाखांचे कर्ज आम्ही दरमहा एका पिझ्झ्याच्या किमतीइतके फेडत होतो. ह्या गतीने ते फिटायला किती काळ लागेल ते काढण्यासाठी लॉगॅरिदम वापरावे लागते. मी ते वापरले, आणि उत्तर पन्नासएक वर्षे आले. मी अठ्ठावन्नाव्या वर्षी निवृत्त होणार, त्या हिशेबाने वीस वर्षांची मुदत मोजूनमापून घेतलेली. आता शेवटचा हप्ता मी नव्वदीत भरणार होते. दर आणखी पाव टक्का जरी वाढला असता तरी हप्त्यातून व्याजही भागले नसते आणि दरमहा पैसे भरूनही कर्ज वाढत गेले असते. देशभर अनेक कर्जदारांची हीच गत झाली असावी, कारण ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढून बँकांना सांगितले की, दर बदलला तर त्याचा हप्त्यावर आणि मुदतीवर काय परिणाम होतो ते कर्जदाराला कळवा, हप्ता वाढवायचा की मुदत याची निवड त्याला करू द्या, आणि मुदत अशी ताणू नका की व्याजच भागणार नाही.

आम्ही हप्ता वाढवून घेतला. मूळ मुदतीतच कर्ज फेडायचे तर तो सुमारे ४७ हजार होत होता. नवऱ्याने घरातल्या खर्चाची यादी केली आणि तिच्यातून माझी मासिके कमी केली. मी ती यादी पुन्हा केली आणि तिच्यातून त्याची जिम कमी केली.

याच सुमारास नवऱ्याचे काका राहायला आले. दिवाणी न्यायालयात शिरस्तेदार म्हणून त्यांची हयात गेलेली. दर असाच राहिला तर एकूण एक कोटी दहा लाख भरावे लागतील आणि त्यातले साठ लाख निव्वळ व्याज असेल, हे मी त्यांना सांगितले तेव्हा ते आरामखुर्चीत ताठ बसले. ‘सूनबाई, हे चालायचं नाही. दामदुपटीचा नियम आहे. व्याज मुद्दलाच्या वर जाता कामा नये. धर्मशास्त्रात आहे, आणि मुंबई इलाख्यातल्या न्यायालयांनी तो मानलेला आहे.’ क्षणभर माझ्या मनात आशेचा किरण चमकला. पण काका प्रामाणिक होते. त्यांनी थोडा विचार केला, चष्मा पुसला आणि नियमाचा उरलेला भागही सांगितला. सावकाराला एका वेळी वसूल करता येणारे थकलेले व्याज मुद्दलापेक्षा जास्त नसावे, एवढेच तो नियम म्हणतो. आधी वेळोवेळी चुकते केलेले व्याज त्यात मोजत नाहीत. म्हणजे जो थकवतो त्याच्या बाजूने शास्त्र उभे राहते आणि जो पाच तारखेला न चुकता भरतो त्याच्या बाबतीत ते मौन पाळते. शिवाय बँकांच्या कर्जाला हा नियम लावायला आज कोणते न्यायालय धजेल, याचीही काकांना शंका होती. ‘पण लेखी विचारून बघायला हरकत नाही,’ ते म्हणाले. त्यांच्या हस्ताक्षरातला तो अर्ज अजून माझ्याकडे आहे.

शास्त्राने हात टेकल्यावर मी रिझर्व्ह बँकेच्या दुसऱ्या एका नियमाचा आधार घेतला. बदलत्या दराच्या गृहकर्जावर वैयक्तिक कर्जदाराकडून मुदतपूर्व परतफेडीचा दंड बँकांना २०१२ पासून घेता येत नाही. वर्षाला केवळ एक हप्ता जास्त भरला तरी वीस वर्षांचे कर्ज तीनएक वर्षे आधी संपते, आणि सुरुवातीच्या वर्षांत भरलेला रुपया सर्वांत जास्त व्याज मारतो. त्यामुळे नवऱ्याचा दिवाळीचा बोनस आमच्या घरात येतो तो थेट मुद्दलाच्या रकान्यात जाण्यासाठीच. त्याला तो बोनस एकदा डोळ्यांनी पाहायचा असतो, म्हणून मी एक रात्र खात्यात राहू देते. जादा रक्कम भरताना मुदत कमी करायची की हप्ता, हे लेखी सांगावे लागते. न सांगितल्यास काय होईल ते मी नशिबावर सोडत नाही. खिडकीवरचे गृहस्थ दर वेळी म्हणतात, ‘मॅडम, हप्ता कमी करून घ्या ना, हाताशी पैसा राहतो.’ दर वेळी मी मुदतीच्या चौकटीत खूण करते.

२०२५ मध्ये फेब्रुवारीपासून जूनपर्यंत रेपो दर एक टक्क्याने उतरला. हप्ता आम्ही मुद्दाम ४७ हजारच ठेवला आणि मग नव्या वेळापत्रकाची प्रत काढून घेतली, तर शेवटची ओळ २०४१ वरून २०३९ वर आली होती. मी ती मोठ्याने वाचून दाखवली. सासूबाईंनी हातातले निवडणे थांबवले आणि त्या दिवशी सत्यनारायण घालायचा, असे जाहीर करून तिथी कोणती येते ते बघायला सांगितले. पंचांग इतक्या पुढचे मिळत नाही, असे मी म्हणाले.

‘म्हणजे पंचांगवाल्यांना पुढच्या वर्षापलीकडचं छापता येत नाही,’ त्या म्हणाल्या, ‘आणि तुझ्या बँकेला चौदा वर्षांनंतरची तारीख रुपयापैशांसकट दिसते?’

बँकेलाही ती दिसत नाही, म्हणूनच तीन महिन्यांनी ती नवी छापते, असे मी सांगितले. त्यावर सासूबाईंनी गुरुजींना फोन लावला आणि २०३९ सालची तारीख तात्पुरती धरून ठेवायला सांगितली.